सिंधूची गोडी

चामटोली,
१५ नोव्हेंबर १९८७

प्रिय द्रोपा,

शुक्रवारचा शेवटचा तास आठवतो का? कल्याणच्या शाळेच्या मागच्या पायरीवर बसून आपण कॅनव्हासच्या बुटांना ओला खडू फासायचो. तुझा खडू नेहमी आधी संपायचा, कारण तू शिवणीच्या दोऱ्यांवरूनसुद्धा तो फिरवायचीस. सिस्टर बेनेडिक्टा खिडकीतून ओरडायच्या, "गर्ल्स, बूट पांढरे करा, स्कर्ट नको!" त्या दुपारी काहीच घडलं नव्हतं. तरी काल शेजारच्या घराला चुना लावताना तोच वास आला आणि मी हातातलं निवडणं बाजूला ठेवून बसून राहिले.

चामटोलीहून उल्हासनगर काही काशी नव्हे, पण माझे गुडघे आणि तुझी सासू, दोघंही आपल्याला घराबाहेर पडू देत नाहीत. म्हणून हे पत्र.

गेल्या आठवड्यात बदलापूरच्या महिला मंडळात चर्चा होती. विषय: देशाचा राष्ट्रीय पदार्थ कोणता असावा? पक्षी आहे, फूल आहे, मग पदार्थ का नको? एकीने खिचडी म्हटलं, तर दुसरी म्हणाली, "ते आजाऱ्याचं जेवण, देश काय अंथरुणाला खिळलाय का?" पुरणपोळी झाली, इडली झाली, आवाज चढले. शेवटी मी उठले. म्हटलं, राष्ट्रीय फूल कमळ आहे, मग कमळाचं मूळ का नको? माझी सिंधी मैत्रीण शाळेत डब्यात आणायची. आम्ही एकाच डब्यात खायचो.

सगळ्या हसल्या. अध्यक्षा पुतळाबाई म्हणाल्या, "अहो बाई, तो सिंध्यांचा चिखल! भोकाभोकांत गाळ असतो त्याच्या. ज्यांचा मुलूखच राहिला नाही, त्यांचा पदार्थ राष्ट्रीय कसा व्हायचा?"

मला फार लागलं. तुला लागेल म्हणून आधी लिहिणार नव्हते. पण आता तूच सांग, तुमच्यात खरा पदार्थ कोणता मानतात? पुढच्या सभेत मला उभं राहायचं आहे.

सुनेला, लाजूला, जप. अम्मांना माझा नमस्कार.

तुझी,
मधु

*

उल्हासनगर, पाच नंबर कॅम्प,
९ डिसेंबर १९८७

प्रिय मधु,

पुतळाबाईंना सांग, तो चिखल आम्ही तासभर धुतो. धीर नसेल त्यांनी बटाटे खावेत.

आमच्या पंचायतीतही सध्या हाच तंटा चालू आहे. चेटीचंडला, आमच्या नव्या वर्षाला, पंचायतीचे प्रमुख, आमचे मुखी, सगळ्या कॅम्पाला जेवण घालणार आहेत आणि सिंधचा अस्सल पदार्थ कोणता ते तिथेच जाहीर करणार आहेत. कढीवाले आणि दाल-पकवानवाले रस्त्यात भेटले तर तोंड फिरवतात. माझी सासू, अम्मा, खाटेवरून म्हणते, "बेसन कुठेही मिळतं, डाळ कुठेही मिळते. जे तिथल्या पाण्याशिवाय होत नाही, ते आमचं. भें!" भें म्हणजे तेच, तुझ्या भाषणातलं कमळाचं मूळ. आणि बाजारात पोत्यातून येणाऱ्या भेंला ती लाकूड म्हणते.

आता ऐक. सत्तेचाळीस साली अम्माने ओढणीच्या गाठीत कमळाच्या बिया आणल्या होत्या. काळ्या, गोट्यांसारख्या टणक. इतकी वर्षं त्या देव्हाऱ्यात होत्या. मुलगा दुबईला गेला, यांनी दुकान बंद केलं, आणि रिकामपणी यांनी त्या बिया दगडावर घासून बादलीत भिजवल्या. मधु, त्यांना कोंब आले! अंबरनाथच्या बाजूला पत्र्याच्या शेडमागे एक पडीक तळं आहे, तिथे यांनी ते लावले. दोन पावसाळे गेले. या हिवाळ्यात पहिलं भें निघालं.

अम्माने एक तुकडा तोंडात घातला आणि ती चावायचीच थांबली. मी घाबरले. मग म्हणाली, "अड़ी, ही गोडी! ही सिंधूच्या पाण्याची गोडी." मुखींना बोलावणं गेलं. एवढा जाडाजुडा माणूस, वाटी हातात घेऊन लहान पोरासारखा रडला. बाजारच्या भेंला ही गोडी नसते. मी सिंध सोडलं तेव्हा तेरा वर्षांची होते, तिथली चव मला कितीशी आठवणार? पण मलाही ती लागली. साखरेसारखी नाही, मागाहून येणारी, नाणं जिभेवर ठेवल्यासारखी.

तर ठरलं. चेटीचंडला कॅम्पातल्या घराघरातली माणसं आमच्या तळ्यातलं भें खाणार. हे दिवसातून दोनदा तळ्यावर जातात. इतक्या वर्षांत मी यांना शीळ घालताना ऐकलं नव्हतं.

लाजूला तिसरा महिना, मुलगा दसऱ्याला सुट्टीवर येऊन गेला ना. अम्मा तिला रोज वाटीभर भें समोर बसून खायला लावते. "बाळाला जन्माआधीच सिंध कळू दे." शेजारीण बदलापूरला लेकीकडे निघाली आहे, तिच्या हाती हे पत्र आणि तुझ्यासाठी थोडं भें पाठवते.

तुझी,
द्रोपा

*

चामटोली,
६ जानेवारी १९८८

प्रिय द्रोपा,

भें मिळालं. केलं, खाल्लं. तू म्हणतेस ती गोडी मलाही लागली आणि त्या दिवसापासून मन थाऱ्यावर नाही. शाळेतल्या डब्यातली चव मला अजून आठवते. तिच्यात मातीचा वास होता, मीठ होतं, ही गोडी नव्हती.

सोमवारी यांच्या पेन्शनच्या कामाला अंबरनाथला गेले होते. परत येताना रिक्षा वळवून तळं पाहून आले. तुझे यजमान, हरिचंद्रभाऊ, तेव्हा तिथे नव्हते. पानं परातीएवढी, हिरवीगार. मी काठावर उभी राहिले आणि काय चुकतंय ते आधी कळेना. मग कळलं. आवाजच नव्हता. बेडूक नाही, चतुर नाही, बगळा नाही. रस्त्याने म्हशी आल्या, काठापाशी थबकल्या आणि माना फिरवून पुढे गेल्या. दुपारची वेळ, द्रोपा, आणि म्हैस पाण्यात उतरेना.

शेडमागे जुन्या बॅटऱ्या फोडून त्यांच्या काळ्या पेट्यांचा ढीग टाकलेला आहे. आत काहीतरी वितळवत होते. तिथलं पाणी ओघळून तळ्यात येतं, मातीत पांढरट रेघ दिसते. धूर घशाला लागला. तोही गोडसर होता.

मी घाबरट आहे हे तुला ठाऊक आहे. माझी चूक असेल तर मला खुशाल हस. पण खात्री होईपर्यंत लाजूला ते देऊ नकोस. तूही खाऊ नकोस. यांचे एक जुने स्नेही प्रयोगशाळेत होते, उरलेला तुकडा मी त्यांच्याकडे तपासायला दिला आहे.

तुझी,
मधु

*

उल्हासनगर,
२७ जानेवारी १९८८

प्रिय मधु,

तुझं पत्र मी यांना दाखवलं नाही. उगाच कशाला त्यांची शीळ थांबवायची?

शाळेतल्या डब्यात गोडी नव्हती, कारण ते बाजारचं होतं. आम्ही तेव्हा बराकीत राहत होतो, तळी कुठून आणणार? चाळीस वर्षं लोक आमच्या ताटात डोकावून नाक मुरडतात. आमचा पापड जाड, आमची भाषा कर्कश, आमचा माल नकली. पुतळाबाई परक्या, त्यांनी चिखल म्हटलं तर मी हसून सोडलं. तू त्याच चिखलाला विष म्हणतेस आणि आमचा तुकडा तपासायला देतेस, चोराला पोलिसात द्यावं तसा! तुझं अळू जिभेला खाजतं, ते मी कधी तपासायला दिलं?

अम्मा इतक्या वर्षांत पहिल्यांदा पोटभर जेवते आहे. काल आरशात हिरड्या बघत होती. दातांच्या कडेने निळी रेघ उमटली आहे. म्हणते, "या वयात दातांना काजळ लागलं बघ, पुन्हा नवरी झाले." घरभर हसलो. लाजूचं पोट अधूनमधून पिळवटतं, पण या दिवसांत ते व्हायचंच.

अक्षर वाईट आलं आहे. पेन नवं आहे, हातात नीट बसत नाही. फुलके लाटतानाही मनगट जरा लोंबतं, थंडीमुळे असेल. सिस्टर बेनेडिक्टांनी पाहिलं असतं तर पट्टी मारली असती.

रागावले आहे, पण तुझीच,
द्रोपा

*

चामटोली,
१८ फेब्रुवारी १९८८

द्रोपा,

रागव, पण हे पत्र शेवटपर्यंत वाच.

भेंमध्ये शिसं आहे. थोडंथोडकं नाही. माझे स्नेही म्हणाले, दुसऱ्यांदा तपासलं, कारण पहिल्यांदा विश्वास बसला नाही. ते बॅटऱ्यांतून येतं. शिशाचे काही क्षार चवीला गोड लागतात, गोडी तिथूनच आलेली असावी. मी हिरड्यांवरच्या निळ्या रेघेचं सांगितलं तेव्हा ते खुर्चीवरून उठले. मनगटाचं सांगितलं तेव्हा म्हणाले, "त्या बाईंना आधी डॉक्टरकडे न्या." आणि लाजूच्या दिवसांचं सांगितलं तेव्हा तपासणीचा कागद माझ्या हातात देऊन म्हणाले, "आजच कळवा."

तुमच्या भेंला मी कधी वाईट म्हटलं नाही, म्हणणार नाही. तळ्याला म्हणते आहे. चेटीचंडचं ते जेवण होऊ देऊ नकोस. कॅम्पात लाजूसारख्या किती असतील, कडेवरची मुलं किती असतील. वाटल्यास मी येते, मुखींशी बोलते. निरोप पाठव, गुडघे गेले खड्ड्यात.

मधु

*

उल्हासनगर,
२४ मार्च १९८८

प्रिय मधु,

तुला बोलावलं नाही याचा राग धरू नकोस. तू आली असतीस तर त्यांना माझं ऐकायचं कारणच उरलं नसतं.

तुझं पत्र आलं त्याच दिवशी लाजूचं भें बंद केलं. अम्मा लपवून द्यायची, तेही पकडलं. मग यांना सांगितलं. हे म्हणाले, "शिसं? बंदुकीच्या गोळीत असतं ते? कमळात कुठून येणार?" मुखींकडे गेले, तर ते हसले. "भाभी, सिंधूच्या पाण्यालाही लोक गढूळ म्हणायचे. ते पिऊनच आम्ही एवढे झालो. तुमची मैत्रीण मराठी आहे ना? मग तिला आमची गोडी कशी सोसेल!" मी लाजूला डॉक्टरकडे नेलं, त्यांची चिठ्ठी दाखवली. मुखी म्हणाले, डॉक्टर कुठला, गुजराती का? मधु, मी भिंतीशी बोलत होते. जितकं विष म्हणावं तितकं ते त्यांना जास्त आपलं वाटत होतं.

चेटीचंड आला. पंचायतीच्या वाडीत पहाटेपासून देगा चढल्या होत्या. भें सोलायला बायका बसल्या होत्या, गाणी म्हणत होत्या. अम्माला खुर्चीवर बसवून आणलं होतं, गळ्यात हार. हे पांढऱ्या सदऱ्यात, सगळे यांच्या पाठीवर थाप मारत होते. मुखी बोलायला उभे राहिले: या बिया अम्माने सिंधहून आणल्या, हाच आमचा अस्सल पदार्थ.

तेव्हा मी उठले. म्हटलं, "हे भें सिंधचं नाही."

सगळ्यांच्या माना माझ्याकडे वळल्या. मी म्हटलं, "अम्माच्या बिया बादलीत कुजल्या. यांचं मन मोडू नये म्हणून मी कल्याणच्या बाजारातून भेंचे कोंबवाले तुकडे आणले आणि बादलीत ठेवले. तळ्यात लावलंय ते पोत्यातलं भें आहे."

मुखींनी विचारलं, "जोतीसमोर हात धरून सांगता?" आमच्या देवाच्या, झूलेलालच्या जोतीवर मी हात धरला आणि सांगितलं.

आणि मधु, ज्यांनी विषाचं ऐकलं नाही, त्यांनी हे एका क्षणात ऐकलं. कोणी प्रश्न केला नाही. सोलायला बसलेल्या बायकांनी सुऱ्या खाली ठेवल्या. मुखी म्हणाले, "नकली!" आणि देगा गटारात पालथ्या झाल्या. कढीवाले तर नाचायचेच बाकी होते. घाईने बेसन आणलं, सगळे कढीभात जेवले.

मी खोटं बोलले. बिया अम्माच्याच होत्या. त्यांचे कोंब मी माझ्या डोळ्यांनी पाहिले आहेत. तळ्यातलं कमळ जितकं सिंधचं आहे तितकं या कॅम्पात दुसरं काही नाही.

हे तेव्हापासून माझ्याशी बोलत नाहीत. अम्माने रस्त्यात एवढंच विचारलं, "मग ती गोडी?" मी तिच्या गळ्यातला हार काढून घेतला. तिने जेवण सोडलं आहे. दुधाचा चमचा नेला तर ओठ मिटून घेते आणि माझ्याकडे बघत राहते.

द्रोपा

*

चामटोली,
२ एप्रिल १९८८

प्रिय द्रोपा,

पत्र वाचून मी तशीच अंगणात जाऊन उभी राहिले. तुझ्याएवढं धाडस मला झालं नसतं. लाजू वाचली, कॅम्प वाचला, हे मनाशी धर. पण आता तू डॉक्टरकडे जा. हाताचं टाळू नकोस.

एक विचारू का? ते तळं आता कोणाचं? कमळं तर तिथेच आहेत. हरिचंद्रभाऊ जात नसतील तर त्यांच्याकडे बघतंय कोण?

तुझी,
मधु

*

उल्हासनगर,
२१ ऑगस्ट १९८८

प्रिय मधु,

डाव्या हाताने लिहिते आहे, रोज थोडं. उजवं मनगट आता उचलत नाही.

अम्मा मे महिन्यात गेली. शेवटपर्यंत तिला वाटत होतं की आपण पोत्यातलं भें खाऊन रडलो. तिच्या कानाशी तोंड नेऊन खरं सांगावं असं रोज वाटायचं. पण हे बाजूला बसलेले असायचे, आणि खरं कळलं असतं तर दुसऱ्या दिवशी देगा पुन्हा चढल्या असत्या.

लाजूला जूनमध्ये मुलगी झाली. लहानशी, हलकी. रडत नाही, कण्हते. कानाशी खुळखुळा वाजवला तर मान वळवत नाही. डॉक्टर म्हणतात, थांबू, बघू. मी त्यांच्या तोंडाकडे बघते.

तू तळ्याचं विचारलं होतंस. उत्तर द्यायला मला इतके महिने लागले, कारण मलाही उशिरा कळलं. यांना ते तळं नकोसं झालं होतं. एका भाजीवाल्याने मागितलं, तर यांनी देऊन टाकलं. नकलीच आहे ना, बाजारचंच आहे ना, मग बाजारात जाऊ दे. दिवाळीपासून तो ते काढून पाच कॅम्पांत विकणार होता. मी ज्या देगा पालथ्या केल्या, त्या घराघरात चढणार होत्या. आणि मी सांगितलं असतं तर ऐकलं कोणी असतं? जोतीवर खोटी शपथ घेतली हे कबूल केल्यावर माझा शब्द कोण खरा धरणार?

म्हणून गेल्या आठवड्यात यांना सगळं सांगितलं. बिया अम्माच्याच होत्या, मी खोटं बोलले, आणि शिसंही खरं आहे. हे उठून पाळण्यापाशी गेले. पोरीला मांडीवर घेतलं. तिच्या कानाशी चुटकी वाजवली. पुन्हा वाजवली. मग एवढंच म्हणाले, "अम्मा बरोबर होती, कमळ तिचंच होतं." चिडतील असं वाटलं होतं. ते रडलेही नाहीत.

दुसऱ्या दिवशी दोन मजूर घेऊन तळ्यावर गेले. पावसाने पाणी छातीपर्यंत आलेलं. मजूर काठावरून ओढत होते, हे आत उतरून पायांनी मुळं चाचपत होते. चार दिवस आपल्या आईचं कमळ यांनी स्वतः उपटलं आणि खड्ड्यात चुना घालून पुरलं. भाजीवाला शिव्या देऊन गेला. घरी आल्यावर यांच्या अंगाला तोच गोडसर वास येत होता. पण चिखलात बोटभर तुकडा राहिला तरी कमळ परत येतं, आणि शेडमधला धूर चालूच आहे.

सोमवारी मला मुंबईच्या हॉस्पिटलात नेणार आहेत. पोटातही आता काही राहत नाही. परत आले तर हे पत्र फाडून टाकू. नाही आले तर माझ्यासाठी एवढं कर.

मुखींना सगळं खरं सांग, तूच सांग, हे सांगू शकणार नाहीत. आणि त्यांना माझं मागणं सांग की दर पावसाळ्यानंतर त्यांनी स्वतः त्या तळ्यावर जाऊन यावं. एक पान दिसलं तरी उपटावं. झूलेलालची तसबीर आणि पितळी दिवा मुखींच्या घरी दे. मी चेटीचंडपासून त्यांना हात लावलेला नाही.

रेडिओ यांना. आधी दुरुस्त करून आण. बातम्या लागलेल्या असल्या की घरात माणूस असल्यासारखं वाटतं. माझी लोकरीची शाल अम्माला आंघोळ घालायला यायची त्या जिवलीला. शिवणयंत्र लाजूला, आणि मुलगा दुबईहून आला तर त्याला माझ्या हातचं भरतकाम दे, पलंगपोस आहे, पेटीत तळाशी.

तुला लाजू आणि पोर. लाजूला आई नाही, माहेर नाही. या घरात शिजलेलं काहीही ती आता घशाखाली उतरवत नाही, पाणीसुद्धा शेजारहून आणते. तिला चामटोलीला घेऊन जा. काय खाशील, काय आवडतं, असं विचारत बसू नकोस. तुझ्या घरी जे शिजेल ते वाढ, आणि तिच्यासमोर, तिच्याच ताटातला पहिला घास तू खा.

द्रोपा